निवृत्तीची पुंजी चहाच्या फ्रँचायझीत घालावी का?

शहापूर, बेळगाव येथील एका वाचकांचे सविस्तर पत्र आले आहे. उद्यमबागेतील एका कारखान्यात 31 वर्षे नोकरी केल्यानंतर त्यांनी वयाच्या 56 व्या वर्षी स्वेच्छानिवृत्ती घेतली असून, भविष्य निर्वाह निधी, उपदान (ग्रॅच्युइटी) आणि कंपनीने दिलेली रक्कम मिळून त्यांच्या हाती 32 लाख रुपये आले आहेत. घर स्वतःचे आहे, कर्ज नाही, घरखर्च महिना 28,000 रुपये आहे. मुलीची अभियांत्रिकीची दोन वर्षे अजून बाकी आहेत. मुलगा 27 वर्षांचा असून 18,000 रुपये पगारावर नोकरी करतो, आणि पुण्यातील एका चहा-नाश्ता साखळीची फ्रँचायझी तिसऱ्या रेल्वे गेटजवळ काँग्रेस रोडवर घ्यावी अशी त्याची तीव्र इच्छा आहे. कंपनीच्या माहितीपत्रकात रोजचा गल्ला 12,000 रुपये आणि भांडवल परत मिळण्याची मुदत 18 महिने अशी दिली आहे. महिनाअखेरपर्यंत सही केली नाही, तर हा भाग दुसऱ्याला दिला जाईल, असे कंपनीच्या प्रतिनिधीने सांगितले आहे.

आपण विचारले आहे की सही करावी का. सध्याच्या अटींवर सही करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. मुलाला व्यवसायच करू देऊ नये, असा मात्र त्याचा अर्थ नाही, म्हणून कारणे थोडी विस्ताराने मांडतो.

फ्रँचायझी यशस्वी होते की बुडते, हे बहुतेक वेळा एका गोष्टीवर ठरते, आणि ती म्हणजे मूळ कंपनीला पैसा नेमका कशातून मिळतो. रे क्रॉक यांनी 1955 मध्ये मॅकडोनाल्ड्सच्या शाखा इतरांना चालवायला देण्यास सुरुवात केली, तेव्हा प्रवेश शुल्क केवळ 950 डॉलर होते आणि विक्रीवर 1.9 टक्के घेतले जात, त्यातील 0.5 टक्का मूळ मालक असलेल्या मॅकडोनाल्ड बंधूंकडे जाई. दुकान चालले नाही तर क्रॉक यांच्या पदरात जवळजवळ काहीच पडत नसे, त्यामुळे जागा कुठे घ्यावी, स्वच्छता कशी राखावी, बटाटा कसा तळावा, या सर्व गोष्टींत ते स्वतः लक्ष घालत. याच्या उलट उदाहरण क्विझनोज या अमेरिकी सँडविच साखळीचे आहे. तिच्या शाखाचालकांना माल कंपनीशी संबंधित पुरवठादारांकडूनच घ्यावा लागे, आणि तो बाजारभावापेक्षा महाग पडतो अशी त्यांची सततची तक्रार होती. दुकानदार तोट्यात असतानाही कंपनीला मालावर नफा मिळत राहिला, शाखा झपाट्याने बंद पडत गेल्या आणि मार्च 2014 मध्ये कंपनीने दिवाळखोरीसाठी अर्ज केला.

आता आपल्यापुढील प्रस्ताव याच नजरेने पाहा. प्रवेश शुल्क 5 लाख रुपये असून त्यावर 18 टक्के जीएसटी आहे, म्हणजे पहिल्याच दिवशी 5.90 लाख रुपये जातील. सजावट व यंत्रसामग्रीचे 14 लाख रुपये कंपनीच्याच ठेकेदाराला द्यायचे आहेत. चहाचा मसाला, सरबते, गोठवलेले पदार्थ आणि छापील कपदेखील कंपनीकडूनच घ्यायचे आहेत, आणि वर विक्रीच्या 6 टक्के रॉयल्टी, म्हणजे कंपनीचे नाव वापरण्याचा मोबदला, आहे. दुकान उघडताच कंपनीची मोठी कमाई पूर्ण झालेली असेल. पुढे ते पाच वर्षे चालले काय किंवा दहा महिन्यांत बंद पडले काय, तिचे फारसे बिघडत नाही. कंपनी अप्रामाणिक आहे असे मी म्हणत नाही. परंतु जिचे हित आपल्या दुकानाच्या आयुष्याशी बांधलेले नाही, तिच्या अंदाजांवर घराची पुंजी लावू नये. तुलनेसाठी अमूलचे विक्री केंद्र पाहावे. तेथे रॉयल्टी नाही, विक्रीत वाटा नाही. दुकानदाराला मालावर ठरलेले कमिशन मिळते आणि माल खपला तरच अमूलला लाभ होतो. नफा कमी असला तरी दोघांचे हित एकाच दिशेने जाते. (अमूलच्या नावाने ऑनलाइन पैसे मागणारी बनावट संकेतस्थळे आहेत, तेव्हा मुलगा तिकडे वळला तर तेवढे जपावे.)

माहितीपत्रकातील आकडे मी पुन्हा मांडून पाहिले. कंपनीचा रोज 12,000 रुपयांचा गल्ला करपूर्व विक्री म्हणून जसाच्या तसा खरा धरला, तर महिन्याची विक्री 3.60 लाख रुपये होते. कंपनीच्या दरपत्रकानुसार मालाचा खर्च 42 टक्के, म्हणजे 1,51,200 रुपये. रॉयल्टी 21,600 रुपये, आणि तिच्यावर 18 टक्के कर धरून 25,488 रुपये. येथे एक महत्त्वाची बाब माहितीपत्रकात सोयीस्कररीत्या गाळलेली आहे. अशी उपाहारगृहे ग्राहकाकडून 5 टक्के जीएसटी घेतात, पण त्या बदल्यात त्यांना खरेदीवर भरलेल्या कराची वजावट मिळत नाही. त्यामुळे शुल्क, रॉयल्टी, सजावट आणि भाडे यांवर कर म्हणून आपण भराल तो प्रत्येक रुपया परत न येता थेट खर्चात जातो. गाळ्याचे भाडे 35,000 रुपये असले, तरी करासह ते 41,300 रुपये होईल. चार कामगारांचे 60,000, वीज, गॅस व पाणी 25,000, आणि नासधूस, दुरुस्ती, किरकोळ खर्च 12,000 रुपये धरले, तर हाती 45,000 रुपये उरतात.

45,000 रुपये ऐकायला बरे वाटतात. पण करार पाच वर्षांचा आहे आणि मुदत संपल्यावर शुल्क नव्याने भरायचे आहे, म्हणजे 14 लाखांची सजावट व यंत्रे आणि 5.90 लाखांचे शुल्क 60 महिन्यांत संपणार, हे धरूनच हिशोब करायला हवा. तो घसारा महिन्याला सुमारे 33,000 रुपये होतो. खरा नफा मग 12,000 रुपयांच्या आत येतो, आणि त्यात दिवसभर गल्ल्यावर उभा राहणाऱ्या मुलाचा पगार धरलेलाच नाही. 3.5 लाखांची अनामत आणि 2 लाखांचे खेळते भांडवल मिळवून एकूण गुंतवणूक 25.40 लाख होते. हीच रक्कम ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत 8.2 टक्क्यांनी ठेवली, तर काहीही न करता महिना सुमारे 17,350 रुपये व्याज मिळते. कंपनीचा अंदाज शंभर टक्के खरा ठरला तरी ही स्थिती आहे.

अंदाज खरा ठरला नाही तर काय होईल, हे त्याहून महत्त्वाचे आहे. वरील खर्चांवर ना नफा ना तोटा अशी पातळी रोज सुमारे 9,050 रुपयांवर येते. रोज 8,000 रुपयांची विक्री झाली, तर दरमहा 16,000 रुपये खिशातून घालावे लागतील, आणि तेही घसारा न धरता. सरासरी बिल 60 रुपये धरले, तर 12,000 रुपयांसाठी रोज 200 गिऱ्हाइके हवीत. सकाळी 7 ते रात्री 9 दुकान उघडे ठेवले, तर दर चार मिनिटांनी एक, आणि हे वर्षातील प्रत्येक दिवशी. काँग्रेस रोडची संध्याकाळची गर्दी आपण पाहिली आहे, मीही रोज पाहतो. पण महाविद्यालयांना सुट्या लागल्या की तीच गर्दी किती विरळ होते, आणि आपल्याकडचा पाऊस जूनमध्ये सुरू झाला की गणपतीपर्यंत रस्त्याकडेला थांबणारे कितीजण उरतात, हे पुण्यात बसून अंदाज बांधणाऱ्याला ठाऊक असण्याचे कारण नाही. त्याच रस्त्यावर गाड्यावरचा चहा निम्म्याहून कमी किमतीला मिळतो आणि लोकांना तो मनापासून आवडतो, ही गोष्टही विसरता येत नाही.

म्हणून दोन कामे सुचवतो. पहिले म्हणजे मुलाने त्या गाळ्यासमोर बसून मोजणी करावी: कामाचा एक दिवस, एक रविवार आणि सुटीच्या काळातील एक दिवस, सकाळपासून रात्रीपर्यंत, शेजारच्या दोन दुकानांत किती जण आत गेले ते तासागणिक लिहून. दुसरे काम अधिक अवघड आहे आणि ते टाळण्याचा मोह होईल. कंपनीने ज्यांची नावे दिली आहेत त्या चालू शाखांना भेटून फारसा उपयोग नाही. गेल्या तीन वर्षांत बंद झालेल्या शाखांची यादी मागा आणि त्या माणसांना जाऊन भेटा. अमेरिकेत मूळ कंपनीला सही होण्याच्या किमान 14 दिवस आधी एक प्रकटन दस्तऐवज द्यावा लागतो आणि त्यात बंद पडलेल्या शाखांची माहिती असणे बंधनकारक आहे. भारतात फ्रँचायझीसाठी असा स्वतंत्र कायदा नाही; सगळी भिस्त 1872 च्या करार कायद्यावर आणि आपण कागदावर काय लिहून घेतो त्यावर आहे. तेव्हा कायदा जे मागत नाही ते आपण मागायचे. कंपनी यादी देण्यास कचरली, तर आपल्याला उत्तर मिळाले असे समजावे. काही वर्षांपूर्वी कोल्हापूर भागातील एका ग्राहकाने अशाच एका साखळीच्या बंद शाखाचालकाला फोन केला होता. दहा मिनिटांच्या त्या बोलण्याने त्याचे आयुष्यभराचे पैसे वाचले, हे मी स्वतः पाहिले आहे.

करारनाम्याचा मसुदा आपण पाठवला आहे, त्यातील तीन कलमे मला खटकतात. गाळ्याचा भाडेकरार 11 महिन्यांचा आहे आणि फ्रँचायझीचा पाच वर्षांचा. दुकान नावारूपाला आल्यावर घरमालकाने भाडे दुप्पट मागितले, तर 14 लाखांची सजावट भिंतीला खिळलेली असेल आणि आपल्याला बोलायला जागा नसेल. भाडेकरारही पाच वर्षांचाच करून त्याची रीतसर नोंदणी करून घ्यावी. भाग राखून ठेवण्याविषयी मसुद्यात एक शब्दही नाही, म्हणजे उद्या हिंदवाडीत किंवा गोवावेसला कंपनीने दुसरी शाखा दिली, तरी आपण काही करू शकणार नाही. आणि वादाचे न्यायक्षेत्र केवळ पुणे ठेवले आहे; सुमारे 340 किलोमीटर दूर वकील ठेवून चकरा मारणे आपल्यासारख्या कुटुंबाला परवडणारे नाही. शिवाय मुलाच्या नावाने होणाऱ्या करारात आपल्याला हमीदार केले आहे. ते कलम काढल्याशिवाय पुढे जाऊच नये, कारण त्यामुळे दुकानाचा तोटा थेट शहापूरच्या घरापर्यंत येऊ शकतो.

परवान्यांचा भाग तुलनेने सोपा आहे. महानगरपालिकेचा व्यापार परवाना, अन्नसुरक्षा परवाना आणि दुकाने व आस्थापना नोंदणी घ्यावी लागेल. कर्नाटकात 2024 च्या दुरुस्तीनुसार नामफलकाचा 60 टक्के भाग कन्नडमध्ये असावा लागतो. कंपनीचा ठरलेला फलक या नियमात बसत नसेल, तर तो बदलण्याचा खर्च कोणाचा, हे आधीच लिहून घ्यावे. नंतर या खर्चावरून वाद होण्याची शक्यता आहे.

मुलाविषयी आपण जे लिहिले आहे ते मी दोनदा वाचले. तो कष्टाळू आहे, नोकरीत रमत नाही, आणि बाप म्हणून त्याच्यामागे उभे राहावेसे वाटते, हे अगदी स्वाभाविक आहे. त्याला आधार द्यावाच, पण मर्यादा ठरवून. 32 लाखांपैकी 22 लाख ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत ठेवावेत, म्हणजे दर तिमाहीला 45,100 रुपये मिळतील. मुलीचे शिक्षण आणि अडीअडचणीसाठी 4 लाख बँकेत मुदत ठेवीत ठेवावेत. भविष्य निर्वाह निधीसोबतचे आपले निवृत्तीवेतन (ईपीएस) 58 व्या वर्षी सुरू करावे. ते आधी घेतले तर दर वर्षामागे 4 टक्के कपात कायमची होते. उरलेले 6 लाख मुलाला कर्ज म्हणून, कागदावर लिहून द्यावेत, आणि आणखी लागले तर त्याने स्वतःच्या नावाने मुद्रा कर्ज मागावे. बँकेचा अधिकारी प्रस्ताव तपासताना विचारील ते प्रश्न त्याच्या उपयोगाचेच असतील.

त्याआधी त्याने तीन महिने अशाच एखाद्या दुकानात नोकरी करावी. फ्रँचायझी कोणतीही असो, माल मोजून घेणे, कामगार न आल्यास स्वतः भट्टीसमोर उभे राहणे आणि रात्री गल्ला जुळवणे ही कामे कंपनी करून देत नाही. मालक रोज दुकानात नसेल, तर 42 टक्के मालखर्च 48 वर जायला वेळ लागत नाही, आणि वरच्या हिशोबात ते सहा टक्के म्हणजे महिना 21,600 रुपये आहेत. तीन महिन्यांनंतरही त्याची इच्छा तितकीच टिकली, तर लहान गाळ्यात, कमी सजावटीचा आणि स्वतःच्या नावाचा चहा-नाश्त्याचा व्यवसाय 6 ते 10 लाखांत उभा राहू शकतो, आणि तो न चालल्यास आपले घर हलणार नाही.

कंपनीने दिलेली महिनाअखेरची मुदत मनावर घेऊ नये. खरी मुदत वेगळीच आहे. वयाची 60 वर्षे पूर्ण नसताना ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत पैसे ठेवायचे असतील, तर निवृत्तीचे लाभ हाती आल्यापासून तीन महिन्यांच्या आत खाते उघडावे लागते. पत्रातील तारखांवरून पाहता आपले सहा आठवडे आधीच गेले आहेत, तेव्हा निवृत्तीचा दाखला आणि मिळालेल्या रकमांचा पुरावा घेऊन या आठवड्यातच टपाल कार्यालयात किंवा बँकेत जावे.