|क्ष| + |य| < ४ च्या आलेखात कड तुटक काढायची की पूर्ण?

तुम्ही विचारलंय की |क्ष| + |य| < ४ हा बिंदूंचा संच काढताना कड तुटक हवी की पूर्ण, आणि रंगवायची कोणती बाजू. 'आमचे सर म्हणतात काही फरक पडत नाही' हे वाचलं आणि राहवलं नाही. फरक पडतो.

१९९६ साली मी अमळनेर तालुक्यातल्या आमच्या गावाहून एसटीने बारावीच्या क्लासला जायचे. चाचणीत क्ष ≥ ०, य ≥ ०, क्ष + य < ४ हा भाग काढायचा होता. अक्षांवरच्या दोन कडा मी पूर्ण काढल्या, तिरपी कड तुटक, (४, ०) आणि (०, ४) ला पोकळ टिंबं. पेपर परत आला तर सरांनी त्या तुटक रेषेवर पट्टी ठेवून लाल पेनने सरळ रेघ ओढलेली, इतकी दाबून की आलेख कागदाच्या मागे वळ उठला होता. एक गुण गेला. मी उभी राहून म्हटलं, सर, (२, २) ची बेरीज चारच येते, तो बिंदू संचात नाही. "क्षेत्रफळ ८ चं ८ च येतं ना? बस खाली." सगळा वर्ग हसला.

घरी येऊन रडले. वडील चौथी शिकलेले. त्या वर्षी शेजारचा दर नांगरटीला आमचा बांध कोरत होता, मोजणीचा अर्ज दिलेला होता. क्ष, य त्यांना कळेना, पण कागद बराच वेळ पाहून त्यांनी विचारलं, "बांध आपला शे का त्यासना, ते पहिले सांग." त्यासना, म्हटलं. मग तुझं बरोबर आहे, म्हणाले, आणि बैलांना चारा टाकायला गेले.

आज मी घरी शिकवणी घेते, मुलांना हेच विचारते. ≤ असेल तर बांध आपला, पूर्ण रेघ. नुसतं < असेल तर तुटक.

आता तुमचं गणित. पहिल्या चरणात ती क्ष + य = ४ ची रेघ आहे. |क्ष| म्हणजे उणे-अधिक चिन्ह सोडून क्ष ची किंमत, म्हणून बाकीच्या तीन चरणांत तिचीच प्रतिबिंबं घ्या. (४, ०), (०, ४), (-४, ०), (०, -४) हे कोपरे जोडून टोकावर उभा चौरस मिळतो. बाजू ठरवायला (०, ०) घालून पाहा. ० < ४ खरं, म्हणून आतली बाजू. मोबाईलवर डेस्मॉस या आलेख काढणाऱ्या ॲपमध्ये < टाकून बघा, तेही कड तुटकच दाखवतं.

क्षेत्रफळ ३२, कड धरा की सोडा. आमच्या सरांचं तेवढं खरं होतं. पण प्रश्न क्षेत्रफळाचा नव्हता, कोणते बिंदू संचात आहेत हा होता.

एक राहिलं. रेषाच आरंभबिंदूतून जात असेल, जसं य > २क्ष, तर (०, ०) ने काही ठरत नाही, (१, ०) घ्या. आणि क्ष, य पूर्णांक म्हटले असतील तर रंगवायचंच नाही, सुटी टिंबं काढायची. तुमच्या प्रश्नात ती २५ भरतील, ≤ असतं तर ४१. सोळा टिंबं फक्त कडेवरची. सरांना ती मोजून दाखवा, आणि शांतपणे विचारा की (२, २) मध्ये चार हे चारपेक्षा लहान कसं.