जर्मनीत काउब गावासमोर ऱ्हाइन नदीच्या मधोमध किल्ला का बांधलाय?

टोल वसूल करायला, राजाला राहायला नाही. बव्हेरियाच्या लुडविग राजाने १३२६-२७ मध्ये हा फाल्त्सग्राफेनश्टाइन बांधायला घेतला कारण इथे दरी अरुंद आहे, मधे बेट आहे आणि काउबच्या वरच डोंगरावर गुटेनफेल्स किल्ला, त्यामुळे खालून आणि वरून दोन्हीकडून नजर, मग व्यापाऱ्याची नाव टोल न भरता सुटणार कुठून! ही वसुली पार १८६० च्या दशकापर्यंत चालली, एवढ्याशा गावासाठी हे खरंच मोठं आहे. फक्त आज फोटोत दिसतं ते सगळं पहिल्यापासूनचं नाही हां, सुरुवातीला नुसता पाचकोनी बुरूज होता, भोवतीची सहाकोनी भिंत काही वर्षांनी आली आणि बुरुजावरचं ते सुंदर छप्पर तर १७१४ चं.