रॅम्बोचा 2008 चा भाग म्हणजे नुसता रक्तपात आहे का? आधीचे भाग न बघता बघावा का?

रक्तपात भरपूर आहे, पण 'नुसता' नाही म्हणणार. बघा. त्याआधी 1982 चा पहिला भाग तेवढा बघून घ्या. मधले दोन राहिले तरी काही अडत नाही.

पहिल्या भागात रॅम्बोमुळे जेमतेम एक माणूस मरतो, तोही हेलिकॉप्टरमधून पडून. व्हिएतनामहून परतलेल्या, गावाला नकोशा झालेल्या सैनिकाची ती गोष्ट. 1985 आणि 1988 च्या भागांनी त्याचं पोस्टर करून टाकलं.

मग 20 वर्षांनी, रॅम्बो साकारणाऱ्या, साठी उलटलेल्या सिल्व्हेस्टर स्टॅलोननं चौथा भाग स्वतःच दिग्दर्शित केला. सुरुवातीलाच बर्मामधल्या खऱ्या बातम्यांची दृश्यं येतात. पुढे लष्कराचे जवान भातखाचरात सुरुंग टाकतात, कैद्यांना त्यातून पळवतात आणि वर पैजा लावतात. इथं गोळी लागली की माणूस नुसता कोसळत नाही, त्याच्या चिंधड्या उडतात. पोटात ढवळतं, आणि तेच हवं होतं. बर्मातल्या कॅरेन या अल्पसंख्याक समाजावर खरोखर अत्याचार झालेत; ते गोड करून दाखवायचे कसे? शेवटी मात्र रॅम्बो जीपवरची मशीनगन धरतो आणि तोच सिनेमा आपल्याकडून शिट्ट्या मागायला लागतो. आतापर्यंत ज्याची किळस यावी म्हणून धडपड केली, त्याचीच मजा घ्या म्हणे! तिथं माझं बिनसलं.

दुसरी खटकलेली गोष्ट जास्त मोठी आहे. औषधं घेऊन निघालेल्या मिशनऱ्यांना रॅम्बो विचारतो, शस्त्रं नेताय का? नाही? मग तुमच्यानं काही बदलायचं नाही. सिनेमा शेवटपर्यंत त्याचीच री ओढतो. अहिंसा सांगणाऱ्या माणसाच्या हातात अखेर दगड देतोच. आम्हा सोलापूरकरांना हे सहज पटायचं नाही ओ. इथले डॉ. द्वारकानाथ कोटणीस 1938 मध्ये वैद्यकीय पथकातून चीनला गेले, युद्धातल्या जखमींवर शस्त्रक्रिया करत राहिले आणि 1942 मध्ये, वयाच्या 32 व्या वर्षी तिकडेच वारले. त्यांच्या हातून काही बदललं नाही, असं त्या जखमींना सांगून बघा!

तरीही सिनेमा बघाच, दीड तासाचाच आहे. जेवून लगेच बसू नका. आणि टीव्हीवर कात्री लागलेला नको, पूर्ण बघा. रक्त कापलं तर मागं उरतो तो 1988 चाच रॅम्बो, फक्त म्हातारा.