वाचकांचे प्रश्न : पॅरा-सायकलिंग कशाला म्हणावे?

प्रश्न : आमच्या शाळेतर्फे गंगापूर रोडवर सायकल फेरी काढण्याचे ठरले आहे. तीत काही दृष्टिहीन आणि अस्थिव्यंग मुलेही भाग घेणार आहेत. कार्यक्रमपत्रिकेत त्यांच्या फेरीला काय नाव द्यावे, यावर शिक्षकांमध्ये एकमत होत नाही. एक सहकारी म्हणतात, ‘पॅरा-सायकलिंग’ छापा. दुसरे म्हणतात, देवळालीच्या छावणीशेजारी राहणाऱ्या आपल्या लोकांना ‘पॅरा’ म्हटले की पॅरा कमांडोच आठवतील, तेव्हा सरळ ‘दिव्यांग सायकल स्पर्धा’ लिहा. ‘पॅरा’ हा ‘पॅराप्लेजिक’चा संक्षेप असल्याचेही एकाने सांगितले. खरा अर्थ आणि योग्य वापर कळावा. (एक शिक्षिका, नाशिक रोड)

उत्तर : ‘पॅरा-सायकलिंग’ हे एका विशिष्ट स्पर्धात्मक क्रीडाप्रकाराचे नाव आहे. शरीराच्या हालचालींवर किंवा दृष्टीवर कायमस्वरूपी मर्यादा आलेले खेळाडू आपापल्या शरीराला जुळणाऱ्या सायकलवर, आंतरराष्ट्रीय नियमांनुसार ठरलेल्या गटांत ज्या शर्यती खेळतात, त्यांनाच हे नाव लागते. या वाक्यातील ‘गटांत’ हा शब्द वगळला तर व्याख्या लंगडी पडते, कारण गटवारी आणि नियम यांच्याशिवाय नुसते सायकल चालवणे कितीही कौतुकास्पद असले तरी ते पॅरा-सायकलिंग होत नाही.

आपल्या सहकाऱ्यांचा ‘पॅराप्लेजिक’चा तर्क अगदीच निराधार नाही. १९४८ मध्ये इंग्लंडमधील स्टोक मँडेव्हिल रुग्णालयात डॉ. लुडविग गुटमन यांनी मणक्याला इजा झालेल्या रुग्णांसाठी स्पर्धा भरवली आणि त्या परंपरेतून पुढे १९६० मध्ये रोमला पहिले पॅरालिम्पिक झाले. तेव्हा खेळाडू मुख्यतः कमरेखाली लुळेपणा आलेले, म्हणजे पॅराप्लेजिक, असल्यामुळे ‘पॅरालिम्पिक’ या शब्दात ‘पॅराप्लेजिक’ची सावली होती. पुढे हात किंवा पाय गमावलेले, मेंदूच्या पक्षाघाताचे (सेरेब्रल पाल्सीचे) आणि दृष्टिहीन खेळाडूही आले, तशी ती सावली गळून पडली. आज ‘पॅरा’चा अधिकृत अर्थ ‘शेजारी, बरोबरीने’ असा घेतला जातो आणि त्याचे मूळ ग्रीक आहे. ऑलिंपिकच्या बरोबरीने चालणाऱ्या स्पर्धा त्या पॅरालिम्पिक, तसेच सायकलिंगच्या बरोबरीने चालणारे पॅरा-सायकलिंग. पॅरा कमांडोमधील ‘पॅरा’ हवाई छत्रीचा म्हणजे पॅराशूटचा आहे, त्याचा याच्याशी काही संबंध नाही.

सायकलच्या शर्यती पॅरालिम्पिकमध्ये १९८४ पासून आहेत. आधी रस्त्यावरच्या शर्यती होत्या, १९९६ मध्ये अटलांटा येथे ट्रॅकवरच्या आल्या आणि २००४ मध्ये अथेन्स येथे हाताने चालवायच्या सायकलींसाठी पदके ठेवली गेली. २००७ पासून या खेळाचा कारभार आंतरराष्ट्रीय सायकलिंग संघटनेकडे, म्हणजे यूसीआयकडे आहे. सर्वसाधारण सायकलपटूंच्या जागतिक शर्यती जी संघटना भरवते तीच या शर्यतीही भरवते, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. २०२४ मध्ये झुरिच येथे रस्त्यावरील जागतिक अजिंक्यपद स्पर्धा दोन्ही प्रकारच्या खेळाडूंसाठी एकत्रच झाल्या.

आता गट पाहू. चार अक्षरे लक्षात ठेवली की निकालपत्रक वाचता येते. ‘बी’ गटात दृष्टिहीन आणि अत्यल्प दृष्टीचे खेळाडू दोघांच्या सायकलवर, म्हणजे टँडमवर, डोळस साथीदारासह उतरतात. ‘सी’ गट साध्या दुचाकी सायकलचा असून त्याचे सी १ ते सी ५ असे पाच उपगट आहेत. ‘टी’ गट तीन चाकी सायकलचा (टी १, टी २) आणि ‘एच’ गट हँडसायकलचा (एच १ ते एच ५) आहे. आकडा जितका लहान तितकी हालचालींवरची मर्यादा अधिक, हे सूत्र सगळीकडे सारखे आहे. ट्रॅकवर फक्त ‘बी’ आणि ‘सी’ उतरतात, रस्त्यावर चारही.

यातील ‘टी’ आणि ‘एच’ या दोन गटांबाबत मराठी वाचकाचा हमखास घोटाळा होतो, म्हणून थोडे थांबून सांगतो. आपल्याकडे ‘अपंगांची तीनचाकी सायकल’ म्हटले की शासकीय शिबिरांत वाटली जाणारी, समोरचा दांडा हाताने फिरवून चालवायची ती उंच बैठकीची सायकल डोळ्यांसमोर येते. त्यामुळे ‘ट्रायसायकल’ गटाची बातमी वाचून लोक तीच गाडी गृहीत धरतात. प्रत्यक्षात ‘टी’ गटाची सायकल पायानेच चालवायची असते. ज्यांना दोन चाकांवर तोल सांभाळता येत नाही, उदाहरणार्थ मेंदूच्या पक्षाघातामुळे, त्यांच्यासाठी तिला मागे दोन चाके असतात. ती वळणावर दुचाकीसारखी आत झुकत नाही, त्यामुळे स्वाराला आपले धड वळणाच्या आतल्या बाजूला झोकावे लागते, नाहीतर आतले चाक जमीन सोडते.

हाताने चालते ती ‘एच’ गटाची हँडसायकल. तिलाही तीन चाके असली तरी शिबिरातल्या सायकलीशी तिचे नाते फारसे उरलेले नाही. एच १ ते एच ४ मधील खेळाडू जवळजवळ आडवे पहुडलेले असतात, पाठ जमिनीपासून हातभर अंतरावर आणि पाय पुढे लांब केलेले. पायाने चालवायच्या सायकलीत दोन पेडल एकमेकांच्या विरुद्ध असतात, एक वर तर दुसरे खाली. हँडसायकलच्या दोन्ही मुठी मात्र एकाच वेळी छातीपासून दूर ढकलल्या जातात आणि एकाच वेळी ओढल्या जातात. शिवाय त्याच हातांनी गिअर बदलायचे, ब्रेक लावायचा आणि वळायचेही. एच ५ मधील खेळाडू गुडघ्यांवर बसून पुढे झुकतात आणि धडाचा जोरही मुठींवर देतात. २००१ मधील अपघातात दोन्ही पाय गमावलेले इटलीचे मोटारशर्यतपटू अलेक्स झानार्दी यांनी २०१२ मध्ये लंडन पॅरालिम्पिकमध्ये हँडसायकलवरच सुवर्णपदक जिंकले.

आपल्या पत्रात नसलेला, पण या विषयावर बोलताना नेहमी पुढे येणारा एक प्रश्न असा, की कमी वेळात अंतर कापणारा खेळाडू दुसरा आणि अधिक वेळ घेणारा पहिला कसा? काही शर्यतींत सी १, सी २ आणि सी ३ असे उपगट एकत्र खेळवले जातात. मग प्रत्येक उपगटाला नियमपुस्तकात ठरवून दिलेला एक गुणक असतो आणि प्रत्यक्ष वेळेला त्या गुणकाने गुणून जी वेळ येते तिच्यावर क्रमांक लागतो. केवळ समजण्यापुरते धरू, की एका स्वाराचा गुणक १ आहे आणि त्याला १० मिनिटे लागली, तर दुसऱ्याचा गुणक ०.९ असून त्याला ११ मिनिटे लागली. दुसऱ्याची हिशोबाची वेळ ९ मिनिटे ५४ सेकंद होते आणि तो जिंकतो. यात कुणावर दया केलेली नसते. स्नायूंची ताकद आणि तोल यांचा वेगावर होणारा परिणाम वजा करून उरलेले कौशल्य आणि मेहनत मोजण्याचा हा प्रयत्न आहे. म्हणूनच वृत्तपत्रांनी ‘दिव्यांग सायकलपटूची चमकदार कामगिरी’ एवढेच छापून गट वगळला की मला मनापासून वाईट वाटते. कुस्तीची बातमी वजनगट न देता कोणी छापत नाही. २०२४ मध्ये पॅरिसला आंध्र प्रदेशचे अर्शद शेख आणि आपल्या भंडारा जिल्ह्यातील ज्योती गडेरिया यांच्या रूपाने पॅरालिम्पिकमध्ये भारताचे सायकलपटू प्रथमच उतरले. दोघांचाही गट सी २. हे दोन अक्षरांएवढे तपशील बातमीत असले तर वाचकाला पुढच्या वेळी त्यांची तुलना योग्य खेळाडूंशी करता येते.

‘दिव्यांग सायकल स्पर्धा’ हा पर्याय चूक नाही, मात्र त्याची व्याप्ती निराळी आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात दिव्यांगत्वाचे २१ प्रकार आहेत. पॅरा-सायकलिंगमध्ये त्यांपैकी मोजकेच बसतात. कर्णबधिर खेळाडूंच्या सायकल शर्यती डेफलिंपिक्समध्ये होतात आणि बौद्धिक दिव्यांगत्व असलेल्यांच्या स्पेशल ऑलिंपिक्समध्ये. तुमच्या फेरीत एखादी कर्णबधिर मुलगी असेल तर ‘पॅरा-सायकलिंग’ हे शीर्षक तिला बाहेरच ठेवील.

तेव्हा माझा सल्ला असा, की कार्यक्रमपत्रिकेत ‘सर्व विद्यार्थ्यांची सायकल फेरी’ असे एकच शीर्षक द्यावे आणि त्याखाली ‘टँडम, तीनचाकी व हँडसायकलसह’ अशी ओळ जोडावी. गटवारी आणि वेळेची नोंद नसलेल्या फेरीला स्पर्धेचे नाव कशाला द्यायचे? पुढे कधी नियमानुसार शर्यत भरवलीत तर ‘पॅरा-सायकलिंग’ जरूर छापा, मधल्या संयोगचिन्हासह. ‘पारा’ असे मात्र छापू नका. मुद्रितशोधकाच्या नजरेतून ती चूक वारंवार निसटते.

प्रश्न : माझ्या मुलाचा उजवा पाय अपघातानंतर गुडघ्याखाली काढावा लागला. कृत्रिम पाय लावून तो सायकल चालवतो, रविवारी मित्रांबरोबर त्र्यंबकेश्वरापर्यंत जाऊन येतो. त्याच्याकडे ६० टक्क्यांचे प्रमाणपत्र आहे. तो पॅरा-सायकलपटू म्हणवून घेऊ शकतो का, आणि टक्केवारीवरून त्याचा गट कळेल का? (एक पालक, सिडको)

उत्तर : टक्केवारीवरून गट कळत नाही. प्रमाणपत्रावरील टक्के सवलती, आरक्षण आणि योजना यांच्यासाठी असतात. गट ठरवताना पाहतात ते एवढेच, की या मर्यादेमुळे सायकल चालवण्यात नेमकी किती अडचण येते. त्यामुळे कागदावर सारखेच टक्के असलेले दोन खेळाडू वेगवेगळ्या गटांत जाऊ शकतात. एका पायाचा गुडघ्याखालील भाग नसलेले आणि कृत्रिम पायाने पेडल मारणारे खेळाडू सामान्यतः सी ४ मध्ये येतात, गुडघ्यावरून पाय गेलेले आणि एकाच पायाने पेडल मारणारे सी २ मध्ये. अंतिम निर्णय मात्र वर्गीकरण करणाऱ्या मंडळाचा. त्यात एक वैद्यकीय आणि एक तांत्रिक तज्ज्ञ असतो. ते आधी टेबलावर स्नायू आणि सांधे तपासतात, मग खेळाडूला सायकलवर बसवून पाहतात, आणि गरज वाटल्यास प्रत्यक्ष शर्यतीतही निरीक्षण करतात. आंतरराष्ट्रीय वर्गीकरण खेळाडूला स्वतः अर्ज करून मिळत नाही, ते राष्ट्रीय संघटनेमार्फतच होते. म्हणून शस्त्रक्रियेची कागदपत्रे, क्ष-किरण चित्रे आणि कृत्रिम पायाची माहिती आतापासून एका फाइलमध्ये ठेवावी.

म्हणवून घेण्याबद्दल बोलायचे तर तो आज सायकलपटू आहेच, आणि रविवारी त्र्यंबकचा चढ चढून येणाऱ्या मुलाला त्यासाठी कुणाच्या शिक्क्याची गरज नाही. ‘पॅरा-सायकलपटू’ हे विशेषण त्याने गटवारीच्या शर्यतीत उतरल्यावर लावावे, म्हणजे ऐकणाऱ्याला त्याचा अर्थ चोख कळेल. नाशिकला लांब पल्ल्याच्या सायकलिंगची चांगली परंपरा आहे. येथील डॉ. हितेंद्र आणि डॉ. महेंद्र महाजन या बंधूंनी २०१५ मध्ये दोघांच्या संघाने ‘रेस अक्रॉस अमेरिका’ पूर्ण केली होती. तेव्हा सरावाला सोबत मिळणे येथे अवघड जाऊ नये. पण पॅरा-सायकलिंगमधील वेळेविरुद्धची शर्यत, म्हणजे टाइम ट्रायल, दिवसभराच्या सफरीपेक्षा पुष्कळच छोटी आणि तीव्र असते, आणि तिचा सराव घड्याळ लावूनच करावा लागतो. आणखी एक गोष्ट तातडीने पाहावी. जोर देताना कृत्रिम पाऊल पेडलवरून घसरते का? पावलाला पेडलची जाणीव नसल्यामुळे ते निसटल्याचे उशिरा कळते. बुटाखाली क्लीट बसवून पाऊल पेडलला अडकवता येते, मात्र थांबताना ते सोडवण्याचा सराव आधी मोकळ्या मैदानात झाला पाहिजे, आणि सुरुवातीला टेकण्यासाठी शाबूत पायच मोकळा ठेवलेला बरा. क्लीटची जागा आणि खोगिराची उंची कृत्रिम पाय बनवणाऱ्या तंत्रज्ञाला सोबत घेऊन ठरवावी, कारण गुडघ्याखालच्या खोबणीत होणारे घर्षण त्यालाच नीट ओळखता येते.

प्रश्न : माझी मैत्रीण दृष्टिहीन आहे. आम्ही टँडम चालवायला शिकत आहोत. पुढे बसणाऱ्या डोळस स्वाराला काय म्हणतात? स्पर्धेत पदक कोणाला मिळते? (एक विद्यार्थिनी, पंचवटी)

उत्तर : पुढच्या स्वाराला ‘पायलट’ म्हणतात आणि मागच्याला ‘स्टोकर’. दोघांची पेडल साखळीने जोडलेली असल्यामुळे एकाने पाय थांबवले की दुसऱ्याचेही थांबतात. म्हणून पायलटने वळण, खड्डा, गतिरोधक, गिअर आणि ब्रेक यांची सूचना कृतीच्या आधी द्यायची असते. ‘आता’ आणि ‘थांब’ असे छोटे शब्द आधीच ठरवून ठेवावेत, रस्त्यावर लांब वाक्ये उपयोगी पडत नाहीत. पदक पायलटलाही मिळते. खेळाडू म्हणून गटवारी मात्र मागे बसणाऱ्या तुमच्या मैत्रिणीची होते, आणि अंशतः दिसणारे व अजिबात न दिसणारे असे सगळे स्वार ‘बी’ गटात एकत्रच धावतात.