लंडनचे ‘इंडिया हाउस’ कसे उभे राहिले, आणि परदेशातील आपला दूतावास आपल्या माणसांच्या किती उपयोगी पडतो?

आपण निपाणीहून दोन गोष्टी विचारल्या आहेत. लंडनमधील भारताच्या उच्चायुक्तालयाचा, म्हणजेच ‘इंडिया हाउस’चा, इतिहास काय, आणि असे कार्यालय परदेशी राजधानीत नेमके कोणते काम करते, आपल्या सीमाभागातून शिक्षणासाठी व नोकरीसाठी बाहेर पडणाऱ्या मुलांना त्याचा काय उपयोग होतो. मी बेळगावच्या एका महाविद्यालयात अनेक वर्षे इतिहास शिकवला आणि निवृत्तीनंतर ओळखीच्या कुटुंबांना परदेशाशी संबंधित अर्ज व कागदपत्रे तयार करून देत आलो आहे, त्यामुळे दोन्ही प्रश्न माझ्या जिव्हाळ्याचे आहेत. माझ्या मते त्यांचे उत्तर एकाच गोष्टीत आहे. दूतावासाला जे काही बळ असते ते यजमान देशाने दिलेल्या मान्यतेतून येते, आणि त्याच्या मर्यादाही त्याच मान्यतेने आखलेल्या असतात.

ही मान्यता नसली तर काय होते, हे आपल्याच इतिहासात पाहायला मिळते. साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह महाराज यांना ईस्ट इंडिया कंपनीने १८३९ साली पदच्युत केले. त्यांचे वकील, म्हणजे दरबाराचे प्रतिनिधी, रंगो बापूजी गुप्ते दाद मागण्यासाठी लंडनला गेले आणि १८५३ पर्यंत तिथे राहिले. त्यांनी कंपनीच्या संचालकांपुढे अर्ज केले, पार्लमेंटातील सभासदांच्या गाठी घेतल्या, निवेदने छापली. दरम्यान १८४७ साली महाराजांचे काशीत निधन झाले आणि १८४८ साली सातारचे राज्यच खालसा करण्यात आले, तरीही हा माणूस मागे हटला नाही. वकिली म्हणून त्यांच्या कामात काहीही उणे नव्हते. पेशव्यांचे दिल्लीतील वकील हिंगणे बादशाही दरबारातून जशी बारकाईने पत्रे पाठवत, त्याच परंपरेतले ते होते. परंतु हिंगण्यांना दिल्ली दरबार वकील म्हणून ओळखत होता, आणि रंगो बापूजींना तशी ओळख देण्यास लंडनमधील सत्ताधारी बांधील नव्हते. मी वर्गात दूतावास हा विषय नेहमी त्यांच्यापासून सुरू करत असे.

आता इंडिया हाउसकडे येतो. पुष्कळांना आश्चर्य वाटते, पण हे कार्यालय स्वातंत्र्याच्या सत्तावीस वर्षे आधीचे आहे. १९१९ च्या कायद्यानंतर १९२० साली भारतासाठी लंडनमध्ये उच्चायुक्त हे पद निर्माण झाले आणि सर विल्यम मेयर हे पहिले उच्चायुक्त नेमले गेले. पहिले भारतीय उच्चायुक्त दादिबा दलाल १९२३ साली आले. १९२० पर्यंत या पदाची कामे भारतमंत्र्यांचे, म्हणजे भारताचा कारभार पाहणाऱ्या ब्रिटिश मंत्र्यांचे, लंडनमधील कार्यालयच पाहत असे. नव्या पदाकडे राजकारण सोपवलेले नव्हते. भारत सरकारसाठी लागणाऱ्या मालाची खरेदी, निवृत्त अधिकाऱ्यांच्या पेन्शनचे वाटप आणि इंग्लंडमध्ये शिकणाऱ्या भारतीय विद्यार्थ्यांकडे लक्ष देणे, अशी त्याची कामे होती. मला हे फार महत्त्वाचे वाटते. राष्ट्र स्वतंत्र होण्याआधी त्याच्या प्रतिनिधीच्या दारात विद्यार्थी उभा होता, आणि आजही आपल्या मुलांचा त्या इमारतीशी संबंध येतो तो बहुधा याच नात्याने.

ऑल्डविच येथील आजची इमारत हर्बर्ट बेकर यांनी रेखाटली. नवी दिल्लीतील सचिवालयाच्या दोन इमारती त्यांच्याच. बादशहा पाचवे जॉर्ज यांनी ८ जुलै १९३० रोजी तिचे उद्घाटन केले. त्या दिवशी, १९२४ च्या बेळगाव काँग्रेस अधिवेशनाचे अध्यक्ष महात्मा गांधी, मिठाच्या सत्याग्रहापायी येरवड्याच्या तुरुंगात होते. इमारतीवर तेव्हाच्या प्रांतांची चिन्हे कोरलेली आहेत आणि आतल्या भिंती बंगाली चित्रकारांनी रंगवलेल्या आहेत. येथे एक खुलासा करतो, कारण मराठी वाचकांचा हा घोटाळा नेहमी होतो. स्वातंत्र्यवीर सावरकर ज्या ‘इंडिया हाउस’मध्ये राहत होते, ते श्यामजी कृष्णवर्मा यांनी १९०५ साली हायगेट भागात सुरू केलेले विद्यार्थ्यांचे वसतिगृह होते. त्या घराचा आणि ऑल्डविचच्या सरकारी इमारतीचा नाव सोडले तर काहीही संबंध नाही.

१५ ऑगस्ट १९४७ नंतर त्याच इमारतीतले काम पालटले. व्ही. के. कृष्ण मेनन हे स्वतंत्र भारताचे पहिले उच्चायुक्त झाले, आणि प्रजासत्ताक झाल्यावरही भारताने राष्ट्रकुलात राहावे ही तडजोड १९४९ साली लंडनमध्ये ठरली तेव्हा त्यांचा त्यात मोठा वाटा होता. राष्ट्रकुलातील देश एकमेकांकडे राजदूताऐवजी उच्चायुक्त पाठवतात; अधिकार आणि दर्जा यांत फरक नसतो. मेनन यांच्यानंतर १९५२ साली त्या खुर्चीवर बाळासाहेब खेर आले. आपल्या भागाने हे नाव विसरू नये. १९५६ पर्यंत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात होता, म्हणजे लंडनला जाण्यापूर्वी खेर हे आपल्या आजोबा-पणजोबांचेच मुख्यमंत्री होते. पुढे १९६९ ते १९७२ या काळात औंधच्या राजघराण्यातील अप्पासाहेब पंत तिथे उच्चायुक्त होते. बांगलादेशाच्या युद्धाचा काळ तो. भारताची बाजू ब्रिटिश सरकारला, तिथल्या वृत्तपत्रांना आणि खासदारांना समजावून सांगण्याची जबाबदारी त्या वेळी या कार्यालयावर होती. दूतावासाचे मूळ काम हेच आहे. यजमान सरकारशी बोलणी करणे, तिथे काय चालले आहे ते आपल्या सरकारला वेळेवर कळवणे, व्यापार वाढवणे आणि आपल्या नागरिकांचे हित जपणे, ही कामे १९६१ च्या व्हिएन्ना कराराने शब्दांत मांडली.

याच करारामुळे दूतावासाची वास्तू अभेद्य मानली जाते. प्रमुखाच्या संमतीवाचून यजमान देशाचे पोलीसही आत शिरू शकत नाहीत, आणि तिचे रक्षण करणे हे यजमानाचे कर्तव्य ठरते. यावरून दूतावासाची जागा म्हणजे त्या परक्या देशाचीच भूमी, असा समज पसरला आहे, तो बरोबर नाही. ऑल्डविचची जागा ब्रिटनचीच भूमी आहे; ब्रिटनने तिथे पाऊल न टाकण्याचे वचन दिलेले आहे, एवढेच. असे वचन किती नाजूक असते, हे आपल्याला फार जुन्या काळापासून ठाऊक आहे. पेशव्यांच्या दरबारातील इंग्रज वकील एल्फिन्स्टन याची पुण्यात संगमावर असलेली रेसिडेन्सी, म्हणजे निवास व कचेरी, ५ नोव्हेंबर १८१७ रोजी, खडकीच्या लढाईच्या दिवशी, जाळण्यात आली. १९ मार्च २०२३ रोजी जमावाने लंडनच्या इंडिया हाउसवरचा तिरंगा खाली खेचला, तेव्हा भारताने ब्रिटनला जाब विचारला तो याच कर्तव्याच्या आधारे. आणि रवींद्र म्हात्रे यांचे स्मरण तर प्रत्येक मराठी माणसाने ठेवले पाहिजे. बर्मिंगहॅम येथील भारतीय कार्यालयातील या अधिकाऱ्याचे फेब्रुवारी १९८४ मध्ये काश्मिरी फुटीरवाद्यांनी अपहरण केले आणि त्यांचा खून केला. पुण्यातल्या म्हात्रे पुलावरून रोज जाणाऱ्या किती जणांना ते नाव कोणाचे हे माहीत असेल, असा प्रश्न मला तिथून जाताना दरवेळी पडतो.

आता आपल्या मुलांविषयी. ब्रिटनला जाण्याचा व्हिसा ब्रिटिश सरकार देते. त्यात आपल्या उच्चायुक्तालयाचा काहीही हात नसतो. त्याचा उपयोग सुरू होतो तो मुलगा तिथे पोचल्यावर. पासपोर्टचे नूतनीकरण होते, आणि पासपोर्ट हरवला व तातडीने परतायचे असले तर मायदेशी येण्यापुरते आपत्कालीन प्रमाणपत्र मिळते. भारतीय आईबापांच्या पोटी तिकडे मूल जन्मले तर त्याची नोंद एका वर्षाच्या आत भारतीय दूतावासात करणे आवश्यक असते. ही मुदत पुष्कळ जण चुकवतात आणि मग नागरिकत्वासाठी दिल्लीपर्यंत परवानगी मागत बसावे लागते.

अटक झाली तर? १९६३ च्या वाणिज्य दूतविषयक व्हिएन्ना कराराचे ३६ वे कलम अशा वेळी कामी येते. आपल्या दूतावासाला कळवण्याचा हक्क अटक झालेल्या परदेशी नागरिकाला आहे, आणि हा हक्क त्याला विनाविलंब सांगितला पाहिजे. कुलभूषण जाधव यांच्या प्रकरणात भारत हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला तो याच कलमावर, आणि १७ जुलै २०१९ रोजी पाकिस्तानने त्याचा भंग केल्याचा निर्णय न्यायालयाने दिला. परंतु त्या निर्णयाने जाधव यांची सुटका झाली नाही, हेही तितक्याच स्पष्टपणे सांगायला हवे. दूतावास कैद्याला भेटू शकतो, वकिलांची नावे देऊ शकतो, घरच्यांना निरोप पोचवू शकतो. तो खटला थांबवू शकत नाही. मालकाने थकवलेला पगार स्वतः वसूल करून देऊ शकत नाही. आई-वडील माझ्याकडे येतात तेव्हा त्यांच्या मनात दूतावास म्हणजे सर्वशक्तिमान सरकार असते. ती आशा आधीच योग्य जागी आणून ठेवली तर पुढची धावपळ नेमक्या दिशेने होते.

खानापूर तालुक्यातील एक तरुण आखातात कामाला असताना वारला, तेव्हा त्याच्या भावाचे अर्ज मी लिहिले होते. मृत्यूची नोंद, पासपोर्ट रद्द करणे, पार्थिव पाठवण्यास ना हरकत, हे सारे तिथल्या भारतीय दूतावासाने केले आणि पार्थिव गोव्याच्या विमानतळावर उतरले. घरची परिस्थिती बिकट असेल तर २००९ पासून चालू असलेल्या भारतीय समुदाय कल्याण निधीतून दूतावास अशा खर्चाला मदत देऊ शकतो, मात्र त्यासाठी मागणी करावी लागते. आपल्याकडच्या फार थोड्या कुटुंबांना हे माहीत आहे. दहावी न झालेल्या मुलांनी आखातातील देशांत जाताना १९८३ च्या कायद्याप्रमाणे सरकारची परवानगी घेतलीच पाहिजे, कारण ती नोंद असली म्हणजे पुढे दूतावासाला माणूस आणि मालक दोन्ही शोधता येतात.

आपल्या भागात मला हमखास विचारला जाणारा प्रश्न असा, की तिथे महाराष्ट्राचा माणूस म्हणून जावे की कर्नाटकाचा. परदेशात कोणत्याही राज्याचा दूतावास नसतो. तिथे भारताचे एकच कार्यालय असते आणि अर्जदार भारतीय असणे तेवढे पुरते. डॉ. आंबेडकर १९२१-२२ मध्ये लंडनच्या ज्या घरात राहिले ते महाराष्ट्र शासनाने २०१५ साली घेतले, तो व्यवहारसुद्धा उच्चायुक्तालयामार्फत करावा लागला. कागदपत्रांच्या बाबतीत मात्र राज्य आडवे येते. शिवाजी विद्यापीठाची पदवी आणि बेळगाव महापालिकेचा जन्मदाखला असे दोन्ही कागद परदेशात वापरण्यासाठी साक्षांकित करायचे असतील, तर पदवीसाठी महाराष्ट्रात आणि दाखल्यासाठी कर्नाटकात जावे लागते, कारण कागद ज्या राज्याने दिला त्यानेच आधी त्याची खातरजमा करायची असते. दिल्लीचे परराष्ट्र मंत्रालय त्यानंतर येते. संयुक्त अरब अमिराती किंवा कुवेत यांच्यासाठी पुढे त्या देशाच्या दूतावासाचाही शिक्का लागतो. हे काम मुलगा घरी असतानाच उरकावे.

शेतीच्या वाटणीसाठी परदेशातील भावाने द्यावयाचे मुखत्यारपत्र हीही वरचेवर येणारी बाब आहे. १९४८ च्या कायद्याने दूतावासातील अधिकाऱ्याला त्यावर साक्षांकन करण्याचा अधिकार दिलेला आहे. भावाने कोऱ्या जागी सही करून ते टपालाने पाठवू नये. पासपोर्ट घेऊन स्वतः हजर राहावे आणि अधिकाऱ्यासमोरच सही करावी. गट क्रमांक, तालुका व जिल्हा सातबारा किंवा पहाणी उताऱ्याप्रमाणे तंतोतंत लिहावेत. ते पत्र कर्नाटकात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरावे लागते. आपली जमीन चंदगड आणि बेळगाव अशा दोन्ही तालुक्यांत विभागलेली असेल, तर दोन राज्यांसाठी दोन स्वतंत्र मुखत्यारपत्रे एकाच भेटीत करून घेणे सोयीचे पडते.