यासुकुनीच्या दाराशी थांबलेली मुलगी

प्रश्न : गेल्या मे महिन्यात आम्ही दोघं मुलाकडे टोकियोला गेलो होतो. यासुकुनी देवस्थानाच्या आवारात न्यायमूर्ती राधाविनोद पाल यांचं स्मारक पाहिलं आणि ऊर भरून आला. मुलाच्या ऑफिसातली एक कोरियन मुलगी सोबत होती. ती मात्र मोठ्या कमानीबाहेरच थांबली, आत आलीच नाही. आपल्याच न्यायाधीशाने जपानला निर्दोष ठरवलं, मग ऐंशी वर्षांनी एवढा राग का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : त्या स्मारकापाशी मलाही अभिमान वाटला होता आणि आजही वाटतो. पण ‘जपान निर्दोष’ असं पालसाहेबांनी म्हटलेलं नाही.

दुसऱ्या महायुद्धानंतर जपानच्या नेत्यांवर टोकियोत खटला चालला. त्यात ११ न्यायाधीश होते, भारताचे पाल त्यांतले एक. २५ आरोपींना शिक्षा झाल्या आणि ७ जणांना २३ डिसेंबर १९४८ रोजी फाशी दिलं. पाल यांनी बाराशेहून जास्त पानांचा वेगळा निकाल लिहिला आणि सगळ्यांना सोडावं असं मत दिलं. त्यांचा मुद्दा कायद्याचा होता. आक्रमक युद्धासाठी व्यक्तीला गुन्हेगार धरणारा कायदा तेव्हा नव्हता, मागाहून केलेला कायदा आधीच्या कृत्यांना लावता येत नाही, आणि न्यायासनावर बसले होते ते जेतेच. पण चीनमधल्या नानकिंग शहरात जपानी सैन्याने केलेल्या कत्तलीबद्दल त्याच निकालात ते म्हणतात की, पुराव्यातली अतिशयोक्ती वजा केली तरी जपानी सैनिकांचं वागणं भयंकर होतं, यात शंका नाही. जपानमधले उजव्या विचाराचे लोक निकालाचा अर्धा भाग उचलतात आणि हा अर्धा गाळतात. यावर सर्वांत नेटाने बोट ठेवलं ते नाकाजिमा ताकेशी यांनी. ते जपानी आहेत आणि आधुनिक भारताचे अभ्यासक आहेत. मला त्यांचं म्हणणं पूर्ण पटतं.

आता देवस्थानाबद्दल. १८६९ साली स्थापन झालेल्या यासुकुनीत अस्थी नाहीत, जपानसाठी लढताना मेलेल्यांची फक्त नावं आहेत, साधारण २४ लाख ६६ हजार. टोकियोत शिकत असताना मी एका आजींच्या घरी भाड्याने राहत होतो. त्यांचे थोरले भाऊ ब्रह्मदेशात गेले ते परतलेच नाहीत. सरकारकडून पांढऱ्या कापडात बांधलेली लाकडी पेटी आली. आईने उघडली तर आत मुठीएवढा दगड. आजींनी तो दगड जपून ठेवला होता. देव्हाऱ्याच्या खालच्या खणातून काढून त्यांनी एकदा माझ्या हातावर ठेवला, थंडगार आणि गुळगुळीत. दर १५ ऑगस्टला त्या यासुकुनीला जायच्या. त्यांना युद्धखोर म्हणायची माझी जीभ कधीच रेटणार नाही.

पण त्याच यादीत मुख्य पुजाऱ्यांनी १९७८ मध्ये टोकियोच्या खटल्यातल्या आरोपींची १४ नावं गुपचूप घातली. युद्धकाळातले पंतप्रधान तोजो यांच्यासह फाशी गेलेले सातही जण त्यात होते. दुसऱ्या वर्षी वर्तमानपत्रांनी ते उघडकीला आणलं. सम्राट हिरोहितो १९७५ नंतर तिथे कधीच गेले नाहीत. राजवाड्यातल्या एका अधिकाऱ्याची टिपणं २००६ मध्ये छापून आली आणि त्यामागचं कारण कळलं : याच नावांमुळे सम्राटांनी जाणं सोडलं होतं. आजींचे भाऊ ज्यांच्या नावाने लढले, त्यांनाच तिथे जाववेना.

आणखी एक गोष्ट आपल्याकडे फारशी माहीत नसते. त्या यादीत सुमारे २१ हजार कोरियन आहेत. देश जपानच्या ताब्यात असताना जपानच्या युद्धात ओढले गेलेले. ‘आमच्या माणसाचं नाव काढा’ म्हणून त्यांच्या घरच्यांनी जपानच्या कोर्टात दावे लावले, ते फेटाळले गेले. देवस्थान म्हणतं, एकदा देवत्वात विलीन झालेला जीव पुन्हा वेगळा काढता येत नाही.

हा नुसता भावनेचाही प्रश्न नाही. उत्तर कोरियाची क्षेपणास्त्रं जपान आणि दक्षिण कोरिया या दोघांच्याही डोक्यावर आहेत आणि अमेरिका दोघांचीही मित्र. तरीही युद्धकाळात जपानी कंपन्यांनी कोरियन लोकांकडून करून घेतलेल्या वेठबिगारीच्या भरपाईवर दक्षिण कोरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये निकाल दिला आणि वाद व्यापारापर्यंत गेला. २०१९ मध्ये गुप्त माहिती एकमेकांना देण्याचा करारसुद्धा तुटता तुटता राहिला.

आपल्यालाही हे परकं नाही. सेल्युलर जेलमध्ये सावरकरांची कोठडी पाहायला आपण मराठी माणसं आवर्जून जातो. मार्च १९४२ पासून ते जेल जपान्यांच्या ताब्यात होतं. नेताजींनी ३० डिसेंबर १९४३ रोजी पोर्ट ब्लेअरला तिरंगा फडकवला, आणि त्याच सुमारास पंजाबी कवी डॉ. दिवाणसिंग त्या जेलमध्ये जपान्यांचा छळ सोसत होते. १४ जानेवारी १९४४ ला दिवाणसिंग वारले. ३० जानेवारी १९४४ रोजी अंदमानातल्याच हम्फ्रीगंजला जपान्यांनी ४४ भारतीयांना हेर ठरवून गोळ्या घातल्या. बहुतेक सहलींत हम्फ्रीगंज नसतं. तुम्ही अंदमानला गेलात तर गाडी तिकडे वळवायला सांगा.

आणि पुन्हा टोकियोला गेलात, तर यासुकुनीहून थोडं चालून चिदोरिगाफुचीला जा. युद्धात मेलेल्या, ओळख न पटलेल्यांच्या अस्थी तिथे आहेत, नाव कुणाचंच नाही. आजी परतताना तिथेही थांबायच्या. त्या कोरियन मुलीला सोबत न्या. तिच्या घरातलं कुणी त्या २१ हजारांत आहे का, ते तिला विचारा, आणि ती सांगेल तेवढं ऐकून घ्या.