खेड्यात वाढलेल्या मुलीला दुपारच्या मालिकांच्या दिग्दर्शनात शिरता येईल का?

गडचिरोली जिल्ह्यातल्या खेड्यात राहून पदवी घेतलेल्या मुलीने दुपारच्या मालिकांच्या दिग्दर्शनाकडे वळायचे, तर आधी काय शिकावे, असे आपण विचारले आहे. मी ब्रह्मपुरी तालुक्यातल्या एका गावचा असून मुंबईत सोळा वर्षे अशा मालिकांवर काम केले, आधी सहायक, मग दिग्दर्शक आणि दोन मालिकांपुरता निर्माता म्हणून. या क्षेत्रात शिरता येते. फक्त दुपारची मालिका म्हणजे रात्रीच्या मालिकेची स्वस्त आवृत्ती, हा समज आधी सोडावा लागतो.

दुपारी टीव्ही चालू असतो, पण त्याच्यासमोर कोणी हातावर हात ठेवून बसलेले नसते. १९३०च्या दशकात अमेरिकेत साबण कंपन्यांच्या पैशावर रेडिओवरील दिवसाच्या मालिका वाढल्या, त्या घरकाम करता करता ऐकण्यासाठीच. आपल्याकडे दूरदर्शनवर १९९४ साली ‘शांती’ दुपारी सुरू झाली, तेव्हा माझी आई ती तांदूळ निवडत ऐकत असे आणि तिची नजर सुपातल्या खड्यांवर असे. रोवणी, म्हणजे भाताची लावणी, सुरू झाली की आठवडा-आठवडा तिला टीव्हीपाशी बसायलाही मिळत नसे, तरीही परतल्यावर दोन भागांत तिला सारे कळे. ते कसे कळत होते, हे उलगडणे म्हणजेच या दिग्दर्शनाचे शिक्षण, असे माझे ठाम मत आहे.

म्हणून प्रसंगाच्या पहिल्या दोन-तीन वाक्यांतच पात्रांची नाती कानावर पडली पाहिजेत. ‘वहिनी, तुम्ही दादाला अजून सांगितलं नाही?’ एवढ्या एका वाक्यात घर, नाते आणि लपवलेली गोष्ट ही तिन्ही येतात, आणि कोणाला मागचे भाग पुन्हा सांगितल्यासारखेही वाटत नाही. माझ्या पहिल्या मालिकेत सून दागिने गहाण ठेवते, हा प्रसंग मी पूर्णपणे मूक चित्रित केला होता आणि त्याचा मला फार अभिमान होता. चार दिवसांनी आईने फोनवर विचारले, ‘सून माहेरी कायले गेली रे?’ त्यानंतर प्रत्येक भागाचे संकलन झाले की मी तो एकदा पडद्याकडे पाठ करून ऐकत असे.

हे शिकायला आपल्याइतकी सोयीची जागा दुसऱ्या कोणाला नाही. दिवाळीनंतर झाडीपट्टीचा, म्हणजे आपल्या पूर्व विदर्भातल्या नाटकांचा, हंगाम सुरू झाला की वडशाच्या एखाद्या नाटक मंडळीबरोबर चार-सहा प्रयोग फिरा आणि प्रॉम्प्टरशेजारी बसा. नाटक रात्रभर चालते, प्रेक्षक मध्येच उठून चहा पिऊन येतो, लेकराला झोपवतो, आणि तरी धागा सुटत नाही. (या रंगभूमीचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, याचा मला मनापासून आनंद आहे.) कमी तालमींवर उभे राहणारे नट तिथे पाहिलेत, तर सेटवर सकाळी हातात पडणाऱ्या संवादांची भीती वाटणार नाही.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये टीव्ही दिग्दर्शनाचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. प्रवेश मिळाला तर जरूर करा. मुंबईत पहिले काम मात्र कंटिन्युइटी सांभाळण्याचे, म्हणजे एका प्रसंगातून दुसऱ्यात कपडे, वस्तू आणि कथेचे तपशील जुळतात की नाही हे पाहण्याचे, मागा. दिवसाला साधारण एक भाग, म्हणजे सुमारे २२ मिनिटांची कथा, हातावेगळी करायची असल्याने चार भागांतले स्वयंपाकघराचे प्रसंग एकाच सकाळी उरकले जातात, आणि कोणत्या भागात कोणाला काय ठाऊक आहे, हे त्या गर्दीत कंटिन्युइटीवाल्यालाच सांगता येते. कथेचा सांधा त्या कामात जितका हाताला लागतो, तितका कॅमेऱ्यामागे उभे राहूनही लागत नाही.

निर्मितीची घाई करू नका. वाहिनीकडून पैसे बहुधा ९० दिवसांनी येतात, तोवर रोजंदारीवरचे लाइटमन, स्पॉटदादा आणि जेवणावळ यांचा खर्च निर्मात्याने घालायचा असतो. निर्माता म्हणून केलेली माझी दुसरी मालिका एका वाहिनीने आठ दिवसांची सूचना देऊन बंद केली, आणि त्या वेळी युनिटचे पैसे चुकते करता आले ते गावाकडचे दोन एकर धानाचे शेत विकून.